कानाने

तेतेबातूत सकाळी आठला आम्ही पाच जण
बेरुगाकच्या छपराखाली मांडी घालून बसलो.
दोन डच बहिणी, सुराबायाचं नवं जोडपं,
आणि मी, जिला अडीच वर्षांपूर्वीच्या तापानंतर
कशाचाच वास येत नाही.
हे मी नोंदणीच्या कागदावर लिहिलं नव्हतं.
त्यांनी फक्त ॲलर्जी विचारली होती.

शिकवणारी इनाक रुमेनाह, म्हणजे रुमेनाहची आई.
तिचं स्वतःचं नाव काय, असं मी विचारलं
तर सहरिप, तिचा पुतण्या, आमचा दुभाषा, हसला.
पहिलं मूल झालं की ते कुणी वापरत नाही, म्हणाला.
तोवर तिने चुलीत नारळाची सोडणं सारली होती,
वर खापर ठेवलं होतं, काठाला चिरलेलं,
तारेने आवळलेलं.

चार मुठी कॉफीला एक मूठ तांदूळ.
का, म्हणून धाकट्या डच बहिणीने विचारलं.
पूर्वी कॉफी थोडी असायची आणि पाहुणे फार.
आता कॉफी पुष्कळ आहे,
पण तांदळाशिवाय ती घरची वाटत नाही कुणाला.

उलथनं फिरवायची पाळी एकेकाची.
दहा मिनिटांत सगळे बोलू लागले:
आता पावासारखा, आता जळक्या साखरेसारखा.
सुराबायाच्या नवरीने डोळे मिटून घेतले.
मीही मिटले,
न कळलेल्या विनोदाला हसावं तसे.

इनाक रुमेनाहने करवंटीत थोडे दाणे घेतले
आणि प्रत्येकाच्या नाकाशी धरत आली.
माझ्याजवळ करवंटी पोहोचायच्या आतच
मी म्हटलं, हो, छान.

ती थांबली.
काही बोलली नाही.
करवंटी खाली ठेवून उलथनं माझ्या हातात दिलं,
माझ्या मागे उकिडवी बसली
आणि माझ्या कानाची पाळी हळूच ओढली.

आधी नुसती खरखर, वाळू चाळल्यासारखी.
मग तांदूळ चुटचुटले.
मग कुणीतरी बोट मोडावं तसा एक दाणा तडकला,
मग दोन, मग अख्खं खापर बोटं मोडू लागलं.
मी उलथनं उचललं.
एन्देक मान, ती म्हणाली. अजून नाही.
घाम डोळ्यांत उतरला. पुन्हा उचललं.
एन्देक मान.
एक जळतं सोडण तिने काठीने मागे ओढलं.

आणि सगळा आवाज बंद झाला.
बिघडवलं मी, असं वाटलं,
आणि खापर फोडायचं कुणावर,
ते तर हाताखालीच तापत होतं.
मग फार खालून, फेस विरताना होतो तेवढा
बारीकसा आवाज.
वाह, ती म्हणाली.

मी लाजले. कौतुक झालं म्हणून मान खाली घातली
आणि ढवळत राहिले.
वाह! वाह! ती ओरडली,
फडक्याने खापर धरून सुपात उपडं केलं.
सहरिप हसून हसून खांबाला टेकला.
आमच्यात वाह म्हणजे झालं. झालं, उतरव आता.

मग उखळ एक, मुसळं दोन,
आणि माझं मुसळ दर वेळी तिच्या मुसळावर.
त्याबद्दल जास्त सांगत नाही.

पेल्यातला गाळ खाली बसेपर्यंत सगळे थांबलो.
मला कडू लागलं, गरम लागलं,
जिभेवर काहीतरी पिठूळ राहिलं.
बाकीचे पिऊन बराच वेळ गप्प होते.
मी त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. पेला संपवला.

निघताना सहरिप मोटरसायकल आणायला गेला.
तिने शंभर ग्रॅमची पुडी माझ्या पिशवीत कोंबली,
मला जवळ ओढलं
आणि कानात एकच शब्द सांगितला.
नाव होतं, की निरोपाचं काही,
विचारायला मध्ये कुणी नव्हतं.
मी तो म्हणून दाखवला. तिने मान हलवली.
पुन्हा म्हटला, शेवट जरा घशात अडवून.
वाह, ती म्हणाली.