हे म्हणणे खरे नाही की

शिवाजीनगरच्या कौटुंबिक न्यायालयात
सतरा वर्षं मी लोकांचे संसार टाइप करते आहे.
साहेब सांगतात, मी बडवते.
प्रश्न कागदावर येत नाही, नुसतं उत्तर येतं,
त्यामुळे वाचताना वाटतं, बाईला कुणी काही विचारलंच नाही,
तीच आपणहून सांगत सुटली:
हे म्हणणे खरे नाही की मी खोटी साक्ष देत आहे.
हे म्हणणे खरे आहे की मला कधी मारहाण झाली नाही.

हर्षला तापकीर, राहणार धायरी.
जाबदार रोज सकाळी कामावर निघताना
गॅसचा रेग्युलेटर काढायचे,
रुमालात गुंडाळून स्कूटरच्या डिकीत टाकायचे.
रात्री आले की बसवायचे.
किती वर्षं? सहा.
कारण? "एकदा विचारलं होतं मी."
पुढे ती बोलली नाही.
न बोललेलं टाइप करायला कीबोर्डवर कळ नाही.
माझे हात तसेच वर राहिले,
साहेब म्हणाले, मॅडम, पुढे घ्या.

ढमाले वकील सभ्य माणूस, आवाज चढवत नाहीत.
उपाशी राहिलात का कधी? नाही.
सकाळचं अन्न घरात असायचं? हो. गार.
गार की गरम, ते मी विचारलं नाही.
पोलिसांत गेलात? डॉक्टरचा एखादा कागद?
शेजाऱ्यांना माहीत होतं म्हणता, मग एकही का आला नाही?
"ते म्हणाले, आम्ही कुणाच्या खाजगीत पडत नाही."
जरा थांबून म्हणाली,
"थर्मासमधून चहा पाठवायचे मात्र."
थर्मास, मी लिहिलं. साहेबांनी सांगितलं नव्हतं.

तीन तारखा नुसत्याच गेल्या.
चौथीला गॅस एजन्सीचा माणूस आला.
पिंजऱ्यात चढताना त्याने चपला बाहेर काढल्या.
म्हणाला, ह्यांचा रेग्युलेटर मी तीनदा बदलून दिला.
लोकांचा दहा-दहा वर्षं जातो, साहेब.
इतकी काढघाल कशाला करता, वहिनी, असं विचारलंही मी.
मग, काय म्हणाल्या?
"म्हणाल्या, आता बसवलाच आहेत तर चहा टाकते.
दुपारचे दोन वाजले असतील.
मला एक कप दिला.
स्वतः उभ्याउभ्याच तीन प्यायल्या."

ढमाले काही क्षण कागद चाळत राहिले.
बदलीच्या तीन पावत्या. निशाणी बावीस.

आमच्याकडे गॅस दिवसभर चालू असतो.
ह्यांना डाव्या कानाने कमी येतं, चार वर्षं झाली,
आणि मी डावीकडूनच बोलते.
हळू. त्यांनी "काय म्हणालीस?" विचारावं
आणि मी म्हणावं, काही नाही,
इतपत हळू.
ह्याची पावती निघत नाही. भिंतीपलीकडे ऐकू जात नाही.
उलटतपासात कुणी विचारलंच तर सांगेन,
त्यांनी कधीतरी काहीतरी लागेलसं म्हटलं होतं.
कधी? तारीख सांगता येणार नाही.
काय? तेही आता नीट आठवत नाही.

निकालाच्या दिवशी साहेब भरभर सांगत होते,
आणि क्रूरता या शब्दातला
शेवटचा काना माझ्याकडून राहून गेला.
मागे गेले. काना दिला.
हर्षला मागच्या बाकावर पिशवी मांडीवर घेऊन बसली होती,
आपलंच नाव पुकारलंय हे तिला उशिरा कळलं.

त्या रात्री ताट घेऊन मी उजवीकडे जाऊन बसले.
ह्यांनी मान वळवली, जरा दचकलेच,
घास तसाच हातात.
"काय म्हणालीस?"

मी अजून काहीच म्हटलं नव्हतं.