डेड एअर

गोळीबार चौकात टायरच्या दुकानावर
धकाते सरांचा स्पोकन इंग्लिशचा क्लास.
जिना लोखंडाचा. मे महिन्यात कठडा धरला
की हात झटकत वर यायचं.
फळ्यावर लिहिलेलं: कूल ॲज अ क्युकंबर.
सर म्हणाले, काकडीसारखा थंड, समजलं का बे?
मागच्या बाकावरून भूमेश्वर हेडाऊ:
"सर, खाली ठेल्यावर काकड्या शिजून राहिल्या."

सरही हसले. मग खडू आपटून म्हणाले,
पाठ करा. भाषांतर कराल तर मराल.

पाठ केलं.
पीस ऑफ केक म्हणजे एकदम सोपं.
अंडर द वेदर म्हणजे तब्येत बरी नाही.
सत्तेचाळीस डिग्रीत अख्खं नागपूर अंडर द वेदर,
वेदरच्या वर कोण राह्यते इथं?
"सिव्हिल लाइन्सवाले," भूमेश्वर.
किक द बकेट म्हणजे मरणे.
हे सगळ्यांनी गुपचूप उतरवून घेतलं.
बादली कोणाची, कोणी विचारलं नाही.

आमच्या घरची हिरवी.
कडी हाताला लागते म्हणून बाबांनी तिला
बंद पडलेल्या मागावरचं उरलेलं सूत गुंडाळलेलं,
जांभळं, थोडं जरीचं.
रोज संध्याकाळी कूलरमध्ये नऊ बादल्या.
मोठ्याने मोजायचे, जसे काही
कोणी हिशेब मागणार आहे.
मागच्या वैशाखात, दुपारी तीनला,
भरलेली बादली खाली ठेवली
आणि तिच्या शेजारी बसले ते बसलेच.
लाथ कुठली? थेंबही सांडला नव्हता.
त्या पाण्याचं काय करायचं कोणाला सुचेना.
तेरवीपर्यंत तसंच होतं,
वर धूळ, आणि पोहून थकलेला एक मुंगळा.

आता मी मिहानला. रात्रपाळी. नाव रूबी.
वर्धा रोडवर कॅबमध्येच रंजिता निमजे उतरवून ठेवते,
सकाळी परत घालते.

बुधवारी ओहायोहून एक म्हातारी बाई.
वॉशिंग मशीन गळतंय.
वॉरंटी कोणाच्या नावावर, मॅम?
नवऱ्याच्या.
त्यांच्याशी बोलता येईल?
"हनी, ही किक्ड द बकेट. लास्ट ट्यूजडे."

अर्थ लगेच आला. सरांची मेहनत.
पण अर्थाच्या मागोमाग ती पण आली,
हिरवी, जांभळ्या सुताची,
डेस्कवर माझ्या कीबोर्डशेजारी काठोकाठ.
स्क्रीनवर वाक्य तयार होतं,
आय ॲम सॉरी फॉर युवर लॉस.
लॉस म्हणजे इतवारीत शेठ म्हणतो तो,
नऊवारीमागे चाळीस रुपये.
तोंडातून निघेना.

तिनेही फोन ठेवला नाही.
कुठेतरी टपटपत होतं. तिच्याकडे असेल,
किंवा आमच्या एसीचं.
मग मी विचारलं, "विच बकेट, मॅम?"

कानात ती हसली. खूप वेळ.
हसण्याच्या शेवटी आवाज जरा ओला झाला.
म्हणाली, निळी.
फुटकी आहे, पण फेकू देत नव्हता कधी.
आत्ता मशीनखाली लावलीय.

शुक्रवारी क्वालिटीवाल्या प्रणित सरांनी
रेकॉर्डिंग ऐकवलं.
डेड एअर अकरा सेकंद, वजा चार.
स्क्रिप्टबाहेरचा प्रश्न, वजा दहा.
डेड एअर म्हणजे काय माहीत आहे ना, रूबी?
म्हटलं, हो सर.
धकाते सरांच्या वहीत नाही ते,
पण माहीत आहे.

सकाळी साडेसहाला घरी.
आई झोपलेली, कूलर कोरडा, खस करकरीत.
नळ जाईल म्हणून कपडे न बदलताच भरायला घेतलं.
मोठ्याने मोजत नाही मी,
मला काही तसं जमत नाही.
सहा की सात,
तिथे विसरले.
एक जास्तीची ओतली.