नोंदीत नसलेलं

ओउलूच्या बसस्थानकात माझी खिडकी:
हरवलेल्या वस्तू, सकाळी आठ ते चार.
छत्र्या, एकेकटे हातमोजे,
एकदा तर वर्तमानपत्रात गुंडाळलेली कवळी.
तीन महिने सांभाळतो आम्ही. मग लिलाव.

रात्री भाचा टूरे कंट्रोलर माझ्या हातात कोंबतो.
"मावशी, दलदलीत मेलो. सगळं तिथंच पडलंय.
तीन दिवसांत नाही उचललं तर गेम गिळून टाकतो."

सवयीनं विचारते, शेवटचं कुठे पाहिलंस?
तो सांगतो, मी वहीत उतरवते:
तलवार, निळसर पात्याची, एक.
अंगठी, तिच्यावर अस्वलाचं डोकं.
औषधाच्या बाटल्या एकेचाळीस.
एकेचाळीस कशाला रे?
"लागतील म्हणून."
खिडकीवरही लोक हेच म्हणतात.

मग निघते त्याच्या उघड्याबंब देहात,
चिलखत नाही, मशाल विझत आलेली.
वाकून चालायचं बटण सापडेपर्यंत
लांडग्यांना माझा वास लागलेला.
पुलापाशी मरते. पुन्हा निघते.
पुलापाशीच मरते.
टूरे उशीत तोंड खुपसतो.

तिथली तिसरी पहाट.
लव्हाळ्यात तलवार मिळते. अंगठी नाहीच.
बाटल्या एकोणचाळीस, मोजून.

आणि पलीकडे, गुडघाभर चिखलात,
पाठीवर खोगीर तसंच,
मान खाली घालून
घोडा उभा.

मी वही पुन्हा वरपासून वाचते.
घोडा त्यानं
सांगितलाच नव्हता.