टाकी नंबर तीन

पलूसच्या शेडमध्ये टाकी नंबर तीन
अजून बुडबुडते. कान लावला
की कळतं, आत कुणीतरी जागं आहे.

सफरचंदं सांगलीच्या मार्केट यार्डातली,
डागाळलेली, क्रेटला दीडशे.
आंबवायला डाग चालतो.

दुकानदार सायडरची बाटली उलटसुलट करतो.
"बिअर का ही?" नाही.
"मग वाइन?" तसंही नाही.
"मग ठेवू कुठं?"

एक्साइजच्या फॉर्मवरही रकाना नव्हता.
साहेबांनी 'इतर'वर टिक केली,
फी मात्र पूर्ण.

अण्णा बस्तीतून परस्पर इकडं येतात,
उंबरा ओलांडत नाहीत.
दिवस मावळायच्या आत जेवलेले,
जाळीबाहेरूनच विचारतात,
"गेली का गं एखादी पेटी?"

"दोन," मी म्हणते.
त्यातली एक नमुन्यांतच गेली,
हे फक्त तीन नंबरला माहीत.