कंपनीचं दार

हिंगणघाटहून टेम्पोत आलं दार,
अंगावर प्लास्टिक तसंच.
सागाच्या रेघा छापलेल्या, गाठीही छापलेल्या,
वरची गाठ हुबेहूब खालच्यासारखी.

पंचफुलाबाई म्हणाल्या,
निळं करून दे, गुणवंता.
म्हटलं, यावर रंग धरत नाही, बाई,
नखानं निघते.
पहिले घासा लागते.
‘नव्या दाराले?’
नव्यालेच.

एकशेवीस नंबरचा पेपर घेऊन बसलो ओसरीत.
चमक लवकर मरत नाही कंपनीची.
भुकटी मिशीत, भुकटी चहाच्या कपात.
कापूस वेचून परतणाऱ्या बाया थबकल्या,
‘काय झालं वं दाराले?
चांगलं तं होतं.’
पंचफुलाबाई काही बोलल्या नाहीत.

आतून त्यांनी आगपेटी आणली.
काड्या नव्हत्या तिच्यात,
जुन्या दाराचा एक पोपडा होता,
अंगठ्याएवढा.
‘हा निळा.’

पोपडा उन्हात धरला, कडेनं पाहिला:
निळा, त्याखाली हिरवा,
मग पुन्हा निळा, जरा फिकट,
तळाशी गेरू.
कोणता निळा, बाई?

त्यांनी चष्मा पुसला. वाकल्या.
‘वरचा तं सरपंचाच्या इलेक्शनमधला,
उरलेल्या डब्यातला.
तो नको.
खालचा.’

प्रायमर मारून बिडी पेटवली.
सुकल्यावर, कोपऱ्यात, कोणाले दिसणार नाही असं,
नख लावून पाह्यलं.