चौथा रकाना

आमच्या पाहुणेघराच्या वहीत चार रकाने होते :
नाव, धंदा, कुठून आलात, राष्ट्रीयत्व.
दर सोमवारी वही चौकीत दाखवायची असे.
मीच न्यायचे, चौदा वर्षांची, काखेत धरून.

तो आला तेव्हा बीझ सुटली होती,
सरोवरावरून येणारा तो वारा,
कठड्यांना बर्फाच्या दाढ्या लावणारा.
टोपी काढून त्याने लिहिलं : एनॉस बॉम्बेरी.
शेती.
ग्रँड नदीचा काठ.
चौथ्या रकान्यापाशी टाक पुन्हा दौतीत बुडवला
आणि इतका दाबून लिहिला एकच शब्द
की आईने खालचं मेजपोस उचलून पाहिलं.
हॉडेनोशॉनी.
"म्हणजे?"
"लांब घर बांधणारे. चुली सहा, छप्पर एक."
माझं इंग्रजी शाळेतलं, त्याचं लादलेलं.
दोघांच्याही तोंडी ती भाषा सावत्रच होती.

चौकीतल्या मोसिये पेरुशूंनी
ओळीवरून बोट फिरवलं, मग भिंतीवरच्या नकाशावरून.
"असा देश नाही."
पात्याने शाई खरवडली. वर लिहिलं : ब्रिटिश प्रजाजन.
संध्याकाळी त्याने ते पाहिलं, चिडला नाही,
खरवडून पातळ झालेल्या जागी
तोच शब्द पुन्हा लिहिला.
पुढच्या सोमवारी पुन्हा पातं.

दिवसभर तो राष्ट्रसंघाच्या दारात बसे.
ती इमारत आधी हॉटेलच होती,
माझी मावशी तिथे चादरी बदलायची.
ती म्हणे, माणसं बदलली, पायघड्या त्याच.
आज सचिव नाहीत, उद्या समिती आहे,
परवा अर्ज चुकीच्या खिडकीत गेला.
कुणी ताकास तूर लागू देईना.
एका छोट्या देशाच्या वकिलाने कॉफी पाजली,
खांद्यावर हात ठेवला,
आणि आठवड्याभरात रस्ता ओलांडून जायला लागला.

एकदा आईने पोलेंटा केला.
पहिल्या घासाला तो थांबला.
म्हणाला, आमच्याकडे मका राखेत उकडतात,
साल सुटेपर्यंत, मग टोपलीत घालून नदीत धुतात.
एवढंच. मग ताट चाटूनपुसून स्वच्छ केलं.

त्या रात्री त्याने पट्टा उलगडला.
शिंपल्यांचे मणी, पांढरे, त्यातून जांभळ्या दोन ओळी,
कुठेही न भेटणाऱ्या.
"हे जहाज. ही आमची होडी. पाणी एकच.
दुसऱ्याच्या सुकाणूला हात लावायचा नाही, हा शब्द दिलेला आहे."
"कुणी दिला?"
"दोघांनी. विसरला एकानेच."
मी बोट ठेवलं. मणी गार होते, मग नव्हते.

आईने विचारलं, तुम्हाला पाठवलं कुणी, राजाने?
"माझ्या कुळाच्या आईने. हरणाची शिंगं तिनेच चढवली,
खोटा वागलो तर तीच उतरवेल."
आणि सहज, कुतूहलाने :
"तुमच्याकडे बायका कुणाला निवडतात?"
आई हसली. हातातली बशी कोरडी झाली होती,
ती पुसतच राहिली.

मार्चमध्ये पत्र आलं, तीन ओळींचं.
प्रश्न अंतर्गत आहे. क्षमस्व.
त्याने ते पट्ट्याशेजारी ठेवलं,
दोन्हींकडे बराच वेळ पाहिलं,
जणू कुठलं जास्त टिकेल ते ठरवत होता.
जाताना बूट स्वतः पुसले, हिशोब चुकता केला,
एक सांतीम जास्त निघाला तो परत मागितला.
मला बरं वाटलं. कर्जाने गेला नाही.

नंतर आमचंही घर विकलं गेलं.
पहिलं मत मी टाकलं तेव्हा केस पांढरे होते,
आई नव्हती.
त्या दिवशी घरी येऊन पेटीतून वही काढली.

चौथ्या रकान्यात शब्द नाही.
ब्रिटिशही नाही, दोन्ही गेलेत.
इतक्या वेळा खरवडलं की तिथे भोक पडलंय,
करंगळी जाईल एवढं.
पान उलटलं.
खालच्या कोऱ्या पानावर, शाईशिवाय,
नुसता दाब उरलेला.

दिवा तिरका धरला की वाचता येतो.