दहा चुकीची उत्तरं

वाल्पारायसोत, बंबवाल्यांच्या शेडमध्ये,
वाळत टांगलेल्या पाइपांखाली
मंगळवारी सात वाजता आमचा वर्ग भरतो.
दोन्या एदुविखेस शिकवते. चाळीस वर्षं कुलपं उघडली तिने.
म्हणते, डोकीही त्याच जातीची;
किल्ली हरवली म्हणजे दार संपलं, असं नसतं.

पहिल्याच दिवशी निकानोर उठून उभा राहिला.
गोदीत बत्तीस वर्षं पोती वाहिलेला माणूस.
"बाई, मला काही सुचत नाही.
सुचणारी माणसं वेगळी. आमच्या घरात ती जन्मलीच नाहीत."
"पोती उचलत जन्मलास का?"
"नाही. पहिल्या आठवड्यात पाठ धरली होती."
"मग आता डोकं धरेल," ती म्हणाली,
आणि गृहपाठ दिला:
घरातली एक अडचण.
तिची दहा उत्तरं. सगळी चुकीची.
बरोबर उत्तर आणलंत तर बाहेर उभं करीन.

निकानोरची अडचण म्हणजे त्याचं मागचं दार.
टेकडीच्या टोकावर घर; चार वाजले
की समुद्रावरून वारा येतो
आणि दार सताड उघडून टाकतो.
वाण्याच्या बिलामागे त्याने लिहून आणलं:
खिळे ठोकावेत.
दार विकावं.
मेव्हण्याला दाराला टेकून बसवावं, नाहीतरी तो बसूनच असतो.
टेकडी फिरवावी.
आम्ही हसलो. तो लाजला नाही,
हे मी पाहून ठेवलं.

सहाव्यापाशी अडला. दोन मंगळवार अडलेलाच.
मी बेकरीत रात्रपाळी करते, मला ते ठाऊक आहे:
पीठ बोटांना चिकटतं, चिकटतच राहतं,
वाटतं, पीठच खोटं;
आणि कुठल्याशा पहाटे सुटतं.
तारीख कुणी लिहून ठेवत नाही.
हात बसलेला असतो, एवढंच.

मग कागद आला. नववं उत्तर:
वाऱ्याला कामाला लावावं.
चौकटीत त्याने दोरी बांधली होती,
दार उघडंच सोडलं होतं,
आणि लेकीचे इस्पितळातले गणवेश
साडेपाचला खडखडीत वाळले होते.

दोन्या एदुविखेसने चष्मा पुसला.
"हे तर बरोबर निघालं."

निकानोर गुपचूप उठला
आणि बाहेर जाऊन उभा राहिला.
काचेतून दिसत होता,
एका हाताने टोपी धरलेली, वर दिव्याच्या खांबाकडे बघत,
ओठ हलत होते.
दहावं राहिलं होतं त्याचं.